खकाणा

"सरळ पड रे," मी म्हटलं. "मान वाकडी केलीस की तूप वाया जातं."

माझा धाकटा भाऊ बसू माझ्या मांडीवर डोकं ठेवून पडला होता आणि मी वाटीतलं कोमट तूप कापसाच्या वातीनं त्याच्या नाकात सोडत होते. डाव्या नाकपुडीत चार थेंब सोडले, ते उजवीकडून ओघळून मिशीवर आले. पदरानं पुसलं, पुन्हा सोडले, पुन्हा तेच. माझं डोकं फिरलं. छत्तीस वर्षांचा बाप्या, आणि दोन मिनिटं स्वस्थ पडायला काय होतं ह्याला?

"मी हललो नाही अक्का."

"मग तूप काय भिंत फोडून आलं इकडं?"

तो हसला. हसताना त्याच्या नाकातून बारीक शिट्टी वाजली. ती शिट्टी मी महिनाभर ऐकत होते, आणि खकाण्यानं नाक चोंदलंय असं समजून रोज संध्याकाळी तूप घालत होते. तेरा वर्षं झाली ह्या गोष्टीला. अजून ती तुपाची वाटी आठवली की स्वतःच्याच दोन थोबाडीत मारून घ्याव्याशा वाटतात.

आमचं गडहिंग्लजला मिरचीचं कांडप. अण्णांनी, म्हणजे आमच्या वडिलांनी सुरू केलेलं. होळी झाली की आजूबाजूच्या गावांतल्या बायका मिरच्यांची पोती, खोबरं, धणे, तीळ, लसूण घेऊन येतात आणि वर्षाचा कांदा-लसूण मसाला करून नेतात. भाजणं आमच्या कढईत, कुटणं आमच्या मशीनच्या मुसळांवर. चार महिने वाड्यावस्त्यांच्या गप्पा, ठसके आणि खकाणा. मिरची कुटताना जी तिखट धूळ उडते ती नाकातोंडात जाते, डोळे लाल होतात, नाक गळतं, एखाद्याचा घोळणाही फुटतो. आमच्याकडे नाक गळणाऱ्या माणसाला कुणी काय झालं म्हणून विचारत नाही.

भाजणी मात्र ज्याला त्याला जमत नाही. धणे कधी काढायचे, खोबरं कुठल्या क्षणी उतरवायचं, हे घड्याळावर ठरत नसतं, वासावर ठरतं. अण्णांचं नाक तसलं होतं, आणि त्यांच्यानंतर बसूचं. पोरगा दहा वर्षांचा असताना अंगणातनं ओरडायचा, अण्णा तीळ काढा, आणि अण्णा काढायचे. बायका सांगूनच यायच्या, आमचं बसूकडनं भाजून द्या. असला हा माणूस उठला आणि मुंबईला मोठ्या हॉटेलात खानसामा झाला. सहा वर्षं राहिला. नवरा गेल्यावर मी माहेरी आले ती तेव्हापासून कांडपातच होते; अण्णाही गेले, तेव्हा ते सगळं माझ्याच गळ्यात पडलं. वीस वर्षं झारा हलवून माझं उजवं मनगट पार कामातून गेलं होतं. त्या फाल्गुनात बसूला निक्षून सांगितलं, ये, आणि कायमचा ये. तू उभा राहिलास तर कांडप राहील, नाहीतर ह्या सीझननंतर मी कुलूप लावते.

तो आला. नूलच्या निलव्वा काकूंच्या भाचीचं स्थळही मी काढून ठेवलं होतं. मला वाटलं, आता सगळं मार्गी लागलं.

कसलं मार्गी. पहिल्या दिवसापासून नाक सूं सूं. जेवायला बसला की अर्धी भाकरी, बाकीची ताटात. दोन-दोन दिवस जागा राहायचा, अखंड बडबडायचा, कढया घासून आरशासारख्या करायचा. मग दोन दिवस मेल्यासारखा झोपायचा, हाक मारली तर अंगावर यायचा. बारा-पंधरा दिवसांनी मुंबईला फेरी, राहिलेला हिशेब करून येतो म्हणायचा. मी म्हटलं, मुंबईचं पाणी आहे, उतरेल. नाकाचा दोष मात्र मी मिरचीवर ठेवला आणि सगळ्या जगाशी भांडत सुटले. मिरचीचा व्यापारी बदलला. पोती झटकते म्हणून आमच्या हौसाबाईला नको नको ते बोलले, बिचारी वीस वर्षं आमच्याकडे राबत होती. भिंतीत मोठा पंखा बसवून घेतला, तर सगळा खकाणा शेजारच्या शिंप्याच्या दुकानात जायला लागला आणि तो नवे कपडे हातात धरून भांडायला आला. ओव्याची पुरचुंडी झाली, वाफारा झाला, तूप झालं. बसूला म्हटलं तोंडाला फडकं बांध, तर म्हणे गुदमरतं.

तुपाच्या दुसऱ्या दिवशी सकाळी निलव्वा काकू स्वतः आल्या. आठ किलो मिरची घेऊन आल्या होत्या, पण मिरचीचं निमित्त होतं. काकूंना मुलगा जवळून बघायचा होता. मी चहा टाकला, बसूला खूण केली की नीट भाज. काकू पिढ्यावर बसून त्याच्याकडे टक लावून बघत होत्या. तो झाऱ्यानं खोबरं परतत होता आणि मला बरं वाटत होतं.

तेवढ्यात हौसाबाई माझ्या कानाशी आली. "अक्का, खोबरं खवट हाय. आपलं पोतंच खवट निघालंय. बसूदादानं तसंच घातलंय."

मी कढईपाशी गेले. दहा पावलांवरूनच कळत होतं. खवट खोबऱ्याचा तो साबणासारखा वास गरम तेलात फुलून आला होता, नवख्या सुनेलाही कळला असता. आणि आमचा बसू वाफेत तोंड घालून शांतपणे परतत होता. वर मला म्हणतो कसा, झालं बघ अक्का, मस्त वास सुटलाय.

मी हळू आवाजात सांगितलं की हे उतरव, खवट आहे. त्यानं ऐकलं नाही. पुन्हा सांगितलं, तर झारा फरशीवर आपटला आणि हौसाबाईकडे बोट करून ओरडायला लागला, ही बाई पहिल्यापासून माझ्यावर पाळत ठेवते, तुम्ही सगळ्या मिळून मला घालवायला बघताय. आधीचा बसू कधी कुणाला अरे म्हणाला नव्हता. हौसाबाईच्या डोळ्यांत पाणी आलं. निलव्वा काकूंनी चहाची बशी खाली ठेवली.

मी काकूंना म्हटलं, उन्हानं डोकं तापलंय पोराचं, मिरची उद्या देते कुटून. नवं खोबरं मागवलं. आणि दुपारी कढई उतरल्यावर बसूचं मनगट धरून त्याला रिक्षात कोंबला. तो म्हणत होता, खकाणा आहे गं, सीझन संपला की जाईल. मी म्हटलं, जाईल ना, मग डॉक्टरांच्या तोंडून ऐकू.

कान-नाक-घशाच्या डॉक्टर हत्तरकीबाई मोजकं बोलणाऱ्या. त्यांनी बसूला खुर्चीत बसवलं, पडदे ओढून खोली अंधारी केली आणि डाव्या नाकपुडीपाशी बारीक बॅटरी धरली.

"अक्का, इकडे या. उजव्या बाजूनं बघा."

मी वाकले. उजव्या नाकपुडीत उजेड होता. बॅटरी डावीकडे, आणि उजेड उजवीकडे, मधे काहीच नसल्यासारखा. मला आधी कळलंच नाही काय बघतेय ते. मग तूप आठवलं.

"नाकाच्या मधल्या पडद्याला भोक पडलंय," बाई म्हणाल्या. "म्हणून शिट्टी वाजते."

"खकाण्यानं," बसू म्हणाला.

बाईंनी मला विचारलं, कांडपात किती वर्षं आहात. मी म्हटलं, वीस. त्यांनी मलाच खुर्चीत बसवलं आणि बॅटरी माझ्या नाकाला लावली. बसूला बोलावून दाखवलं. माझ्या उजव्या नाकपुडीत अंधार होता.

"वीस वर्षं खकाणा ह्यांनी खाल्ला," बाई बसूला म्हणाल्या, "आणि भोक तुम्हाला पडलं. किती वर्षं ओढताय कोकेन?"

मला वाटलं आता हा चिडणार, झारा आपटला तसं काहीतरी आपटणार. तो खाली बघत बसला. मग म्हणाला, तीन.

हॉटेलात सुरुवात झाली. लागोपाठ दोन-दोन पाळ्या, लग्नाचे सीझन, सोळा तास विस्तवापुढे उभं राहणं. बरोबरच्या एकानं पहाटे दिलं आणि म्हणाला, हे घे, कॉफीचं काम करतं. झोप उडाली, भूक मेली, हात विजेसारखे चालले. अर्ध्या तासात ते उतरलं आणि पहिल्यापेक्षा जास्त गळून गेला, म्हणून पुन्हा घेतलं. त्याच्या बोलण्यात एवढंच होतं. मला त्या हॉटेलवाल्यांना, त्या बरोबरच्या माणसाला, सगळ्यांना उभं करून झोडपावंसं वाटत होतं, पण समोर हा एकटाच बसला होता.

मी बाईंना विचारलं, हे कसलं विष, कुठनं येतं. त्यांनी सांगितलं, दक्षिण अमेरिकेच्या डोंगरात कोका नावाचं झुडूप असतं. तिथली माणसं शेकडो वर्षं त्याची पानं गालात धरत आली, आपल्याकडे तंबाखूची गोळी धरतात तशी, चढण चढताना दम आणि भूक लागू नये म्हणून. मग युरोपातल्या लोकांनी पानातला तेवढाच अर्क वेगळा काढला. त्याची पांढरी पूड झाली आणि डॉक्टर मंडळी खूश झाली, कारण डोळ्याची, नाकाची शस्त्रक्रिया करताना तो भाग बधिर करायला ती फार कामाची. कोणी तर टॉनिक म्हणून विकली. आमच्याच डॉक्टरांच्या कपाटातून बाहेर पडलीय ही, बाई म्हणाल्या, आणि त्यांच्या आवाजात थोडा वैताग होता.

"जिथं लागते ती जागा बधिर होते, आणि तिथल्या रक्तवाहिन्या आवळतात. पडद्याला रक्त मिळेना झालं की तो आतून मरतो. काळजाचंही तेच होतं. ह्यांची नाडी बसल्या जागी एकशे अठरा आहे. छत्तीसाव्या वर्षी काळीज बंद पडलेली माणसं मी बघितलीत. हे थांबलं नाही तर तुम्हाला कांडपाचा नाही, दुसराच विचार करावा लागेल."

"वास येईल का परत?" बसूनं विचारलं. तेवढं एकच त्यानं विचारलं.

"सांगता येत नाही. पाच-सहा महिन्यांपूर्वी आला असतात तर पडदा तरी वाचला असता."

बाईंनी सांगलीजवळच्या एका उपचार केंद्राला चिठ्ठी लिहून दिली, फोन केला, दुसऱ्या दिवशी सकाळी चार महिन्यांसाठी दाखल करायचं ठरवलं. बसू हो म्हणाला. बाई मला बाजूला घेऊन म्हणाल्या, आज हो म्हणतोय, उद्या सकाळपर्यंत शंभर कारणं काढेल. एकही कारण त्याच्या हातात देऊ नका.

मी हो हो म्हणत होते, पण माझं लक्ष नव्हतं. माझ्या डोक्यात त्यांचा एकच शब्द फिरत होता, बधिर.

दिवाळीत बसू चार दिवस आला होता. त्याचा सदरा धुवायला घेतला तेव्हा खिशात कागदाची पुडी निघाली, आत चिमूटभर पांढरी पूड. मसाल्याच्या घरातलं माणूस पूड दिसली की काय करतं? मी बोट लावून जिभेवर ठेवली. कडू लागली आणि जिभेचं टोक बधिर झालं. तिरफळ खाल्लं की होतं तसं, पण हे तिरफळ नव्हतं, मिरं नव्हतं, ओळखीतलं काहीच नव्हतं. पुडी हातात घेऊन मी मोरीपाशी बराच वेळ उभी राहिले. बाहेर बसू गल्लीतल्या पोरांबरोबर फटाके लावत होता. मग मी ती पुडी चुलीत टाकली, सदरा धुतला आणि वाळत घातला. त्याला विचारलं नाही. त्यानंही पुडी शोधली असणार, पण तोही बोलला नाही. नूलच्या स्थळाची बोलणी नुकतीच निघाली होती.

विसरले होते म्हणू? नाही हो. विसरले नव्हते.

सकाळी आठला जीप सांगितली होती. अंगणात सात-आठ बायका आधीच आपापली पोती घेऊन बसलेल्या. निलव्वा काकूही मिरचीसाठी लवकर आल्या होत्या. हौसाबाईनं नवं खोबरं कढईत घातलं होतं. बसू बॅग घेऊन बाहेर आला. रात्रभर झोपला नव्हता, तोंड उतरलं होतं, पण आला. चपला घालत होता.

"हे काय, ऐन सीझनात कुठं निघाला मुलगा?" काकूंनी विचारलं. "आणि त्या नाकाचं काय झालं? शिट्टी वाजते कसली?"

सगळ्या बायका बघायला लागल्या. आणि माझ्या तोंडून निघून गेलं, "काही नाही काकू. खकाण्याचा त्रास. सांगलीला दाखवून आणते आठ दिवसांत."

बसूनं माझ्याकडे बघितलं. मग चपला काढल्या, बॅग खांबापाशी ठेवली, आणि शांतपणे म्हणाला, "बघ, तूच म्हणतेस खकाणा आहे. मग सांगली कशाला? सीझन झाल्यावर बघू."

बाहेर जीपवाल्यानं हॉर्न वाजवला. बसू बाह्या सरसावून कढईकडे निघाला. मला इतका संताप आला, इतका आला, की तो त्याचा होता की माझा होता हे आजही सांगता येणार नाही. बाईंनी देऊ नका म्हणून बजावलेलं कारण मीच त्याच्या हातात दिलं होतं, आणि तेही कुणासाठी, तर पिढ्यावर बसून चहा पिणाऱ्या पाहुणीसाठी.

मी आधी मशीन बंद केलं. मुसळं थांबली तशा बायका गप्प झाल्या.

"खकाणा नाही," मी म्हटलं. "मी खोटं बोलले काकू. तो कोकेन ओढतो. नशा करतो. तीन वर्षं झाली. त्याच्या नाकाला आरपार भोक पडलंय, त्याला कसलाही वास येत नाही, काल तुमच्या मसाल्यातलं खोबरं खवट होतं ते त्याला कळलं नाही. त्याला उपचाराला पाठवतेय, आणि तो चार महिने येणार नाही."

निलव्वा काकू उठल्या. त्यांनी आपली मिरची पोत्यात परत भरली, पोत्याचं तोंड बांधलं, ते डोक्यावर घेतलं आणि माझ्याकडे न बघता फाटकातून गेल्या. त्यांच्यामागं आणखी दोघी गेल्या. मी कुणाला थांबवलं नाही.

बसू कढईपाशी तसाच उभा होता. मला वाटलं आता हा मला चारचौघांत फाडून खाणार, आणि खाल्लं असतं तर मी ऐकून घेतलं असतं.

"तुला कधी कळलं?" त्यानं विचारलं. "काल?"

खोटं बोलायला आता काही उरलं नव्हतं. "दिवाळीत. तुझ्या खिशात पुडी सापडली. मी जिभेवर ठेवून बघितली."

तो ओरडला नाही. लहानपणी ठेच लागली की रडण्याआधी जसं बघायचा तसं बघत होता.

"मग हे दिवाळीतच का नाही ओरडलीस, अक्का?"

त्यानं बॅग उचलली आणि जीपमध्ये जाऊन बसला. मी शेजारी बसायला गेले तर दार ओढून घेतलं. पुढच्या सीटवर बसून मी सांगलीपर्यंत गेले. मागून फक्त ती शिट्टी येत होती, श्वासागणिक.

पुढं सगळं सुरळीत झालं असं नाही. चार महिन्यांनी आला, दोन महिन्यांत पुन्हा मुंबईला पळाला, पुन्हा धरून नेला; असं चार वर्षं चाललं. अकरा महिने तो माझ्याशी धड बोलला नाही. निम्मी गिऱ्हाइकं गेली, काही परत आली. लग्न नाही झालं त्याचं. काळजाची गोळी रोज घेतो. नाकाचा वास गेला तो गेलाच. मी मात्र आता काही वावगं दिसलं की तिथल्या तिथं बोलते, वेळकाळ बघत नाही. लोकांना राग येतो. येऊ दे.

नऊ वर्षं झाली, कढईवर तोच उभा असतो. धणे तडतडतात कसे ते कान लावून ऐकतो, खोबऱ्याचा रंग बघतो, आणि शेवटी झारा माझ्यापुढे धरतो. माझं मनगट गेलंय, त्याचं नाक; दोघं मिळून एक भाजणी होते.

परवा एक नवी बाई आली होती, नेसरीकडची. मिरची देता देता थबकली आणि म्हणाली, दादांच्या नाकातनं आवाज येतोय, खकाण्यानं का हो?

मी तोंड उघडायच्या आत बसूनंच मान वर केली. "नाही काकी. कोकेननं." मग वळून त्यानं झारा माझ्या नाकाशी आणला. "अक्का, बघ. झालं का?"

मी वास घेतला. म्हटलं, "काढ."